घरकर्जाचा खरा हिशेब : हप्त्याबरोबर वर्षेही मोजा

व्याख्याता, कृषिविद्या विभाग

"घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून" अशी आपल्याकडे म्हण आहे. ही म्हण रूढ झाली त्या काळी घराचा खर्च म्हणजे दगड, माती, लाकूड आणि गवंड्याची मजुरी एवढाच असे. आज त्यात आणखी एका बाबीची भर पडली आहे व ती बाब पुष्कळदा सिमेंट, लोखंड आणि मजुरी या सर्वांच्या बेरजेपेक्षा मोठी असते. ती बाब म्हणजे कर्जावरील व्याज होय.

खरीप हंगामापूर्वी एका गावी शेतकरी मेळाव्यात सोयाबीनच्या बीजप्रक्रियेविषयी माहिती देऊन झाल्यावर एका शेतकरी बांधवाने खिशातून घडी केलेला कागद काढून दाखविला. गावठाणातील पडके घर उतरवून नवे बांधावयाचे होते. त्यासाठी १० लाख रुपयांचे कर्ज ९ टक्के दराने मिळणार होते. ते म्हणाले, "सर, वीस वर्षांचा हप्ता नऊ हजार बसतो आणि तीस वर्षांचा आठ हजार. तीस वर्षांचाच घेतो. महिन्याला हजार रुपये सुटतात." त्यांचा हिशेब चुकीचा नव्हता, परंतु अपुरा होता. महिन्याचे हजार रुपये सोडविण्यासाठी ते एकूण सात लाखांहून अधिक रुपये जादा देणार होते. शेतकरी बंधूंना कर्जाच्या कागदावर सही करण्यापूर्वी हा हिशेब स्वतः मांडता यावा, या उद्देशाने प्रस्तुत लेखात माहिती देण्यात येत आहे.

१. हप्ता लहान, कर्ज महाग

घरकर्जाची परतफेड सर्वसाधारणपणे समान मासिक हप्त्याने केली जाते. बँकेत यालाच ई.एम.आय. म्हणतात. शिल्लक मुद्दलावर त्या महिन्याचे व्याज आकारले जाते, हप्त्यातून ते प्रथम वळते होते आणि उरलेली रक्कम मुद्दलात जमा होते. त्यामुळे मुदत जितकी लांब तितका हप्ता लहान. परंतु मुद्दल तितकेच सावकाश फिटते आणि व्याज तितकी अधिक वर्षे भरावे लागते. १० लाख रुपये कर्ज व ९ टक्के स्थिर दर धरून केलेला हिशेब तक्ता क्र. १ मध्ये दिला आहे.

तक्ता क्र. १ : मुदतीप्रमाणे हप्ता व एकूण व्याज (कर्ज रु. १० लाख, दर ९ टक्के)

| मुदत (वर्षे) | मासिक हप्ता (रु.) | एकूण परतफेड (लाख रु.) | त्यापैकी व्याज (लाख रु.) |
|---|---|---|---|
| १० | १२,६६८ | १५.२० | ५.२० |
| १५ | १०,१४३ | १८.२६ | ८.२६ |
| २० | ८,९९७ | २१.५९ | ११.५९ |
| २५ | ८,३९२ | २५.१८ | १५.१८ |
| ३० | ८,०४६ | २८.९७ | १८.९७ |

वरील तक्त्यावरून असे दिसून येते की, मुदत १० वर्षांवरून १५ वर्षे केल्यास हप्ता अडीच हजारांनी कमी होतो. परंतु २० वर्षांवरून ३० वर्षे केल्यास तो केवळ ९५१ रुपयांनी कमी होतो आणि व्याज मात्र ७ लाख ३७ हजारांनी वाढते. म्हणजे २० वर्षांच्या पुढे मुदत वाढविण्याचा फायदा फार थोडा व भुर्दंड फार मोठा आहे.

आपल्याकडे दामदुपटीचा जुना नियम सर्वांना ऐकून माहीत आहे. कोणत्याही एका वेळी वसूल करावयाचे थकीत व्याज मुद्दलापेक्षा जास्त होऊ नये, असा तो नियम होता. घरकर्जात व्याज थकत नाही, ते दरमहा भरले जाते. म्हणून २० वर्षांत मुद्दलापेक्षा अधिक व्याज देऊनही ते दामदुपट झाल्यासारखे वाटत नाही.

वीस-तीस वर्षांनंतरच्या रुपयाची किंमत आजच्याइतकी राहणार नाही, त्यामुळे तेव्हाचा हप्ता आजच्याइतका जड वाटणार नाही, असेही सांगितले जाते. त्यात तथ्य आहे. नोकरदाराचा पगार महागाईप्रमाणे वाढतो, त्याला ही गोष्ट अधिक लागू पडते. शेतमालाचा भाव त्याच प्रमाणात वाढेलच असे मात्र धरून चालता येत नाही.

२. सुरुवातीच्या वर्षांत पैसा कोठे जातो?

वरील कर्ज २० वर्षांसाठी घेतल्यास पहिल्या महिन्याच्या ८,९९७ रुपयांच्या हप्त्यापैकी ७,५०० रुपये व्याजात जातात आणि १,४९७ रुपये मुद्दलात. पुढील स्थिती तक्ता क्र. २ मध्ये दर्शविली आहे.

तक्ता क्र. २ : २० वर्षे मुदतीच्या कर्जाची स्थिती (सर्व आकडे लाख रुपयांत)

| पूर्ण झालेली वर्षे | एकूण भरणा | पैकी व्याज | पैकी मुद्दल | शिल्लक मुद्दल |
|---|---|---|---|---|
| १ | १.०८ | ०.८९ | ०.१९ | ९.८१ |
| ५ | ५.४० | ४.२७ | १.१३ | ८.८७ |
| १० | १०.८० | ७.९० | २.९० | ७.१० |
| १४ | १५.१२ | १०.११ | ५.०१ | ४.९९ |
| २० | २१.५९ | ११.५९ | १०.०० | ० |

निम्मी मुदत संपली, १० लाखांहून अधिक रक्कम भरून झाली, तरी ७ लाख १० हजार मुद्दल शिल्लकच आहे. निम्मे मुद्दल फिटण्यास १४ वर्षे लागतात. दहा वर्षांनी काही अडचणीमुळे कर्ज एकरकमी फेडण्यास गेलेले अनेक जण बँकेने सांगितलेला आकडा ऐकून फसवणूक झाली असे समजतात, त्याचे कारण हेच आहे.

३. खुरपणी वेळेवर करा

पीक व तण यांच्या स्पर्धेविषयी शेतकरी बंधूंना माहिती आहेच. पिकाच्या एकूण कालावधीपैकी साधारणपणे पहिल्या एक तृतीयांश काळात शेत तणमुक्त ठेवले तर उत्पादनात फारशी घट येत नाही. तीच खुरपणी पीक फुलोऱ्यात आल्यावर केली तर मजुरी तेवढीच लागते, परंतु फायदा फारसा होत नाही. घरकर्जातही असेच आहे. जादा पैसा कर्जात भरावयाचा तो पहिल्या काही वर्षांत भरावा.

अ) पहिले वर्ष संपताच ५०,००० रुपये मुद्दलात जादा भरले व हप्ता पूर्वीइतकाच चालू ठेवला, तर कर्ज सुमारे २७ महिने आधी फिटते आणि सुमारे १ लाख ९८ हजार रुपये व्याज वाचते.

ब) तेच ५०,००० रुपये १५ वर्षांनंतर भरले, तर केवळ सुमारे २६ हजार रुपये वाचतात.

क) पहिल्या वर्षअखेर ५०,००० रुपये भरले, परंतु मुदत तीच ठेवून हप्ता कमी करून घेतला, तर हप्ता ४५८ रुपयांनी उतरतो आणि एकूण बचत सुमारे ५४ हजार रुपयेच होते.

म्हणून जादा रक्कम भरताना "हप्ता आहे तोच ठेवून मुदत कमी करावी" असा अर्ज लेखी द्यावा व त्याची पोच घ्यावी. ज्यांना एकदम मोठी रक्कम भरणे शक्य नाही त्यांनी वर्षातून एक हप्ता जादा भरावा. दर वर्षअखेर असा तेरावा हप्ता भरल्यास २० वर्षांचे कर्ज १६ वर्षे ७ महिन्यांत संपते व सुमारे २ लाख ३१ हजार रुपये वाचतात.

बदलत्या व्याजदराचे घरकर्ज वैयक्तिक कर्जदाराने मुदतीपूर्वी फेडल्यास बँकांनी दंड आकारू नये, अशा सूचना रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्ये दिल्या आहेत. स्थिर दराच्या कर्जाबाबत मात्र करारातील अट वाचून घ्यावी.

४. बदलता व्याजदर आणि न दिसणारी वर्षे

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवीन घरकर्जे रेपो दरासारख्या बाह्य दराशी जोडली जातात. रेपो दर मे २०२० ते मे २०२२ या काळात ४ टक्के होता. तो वाढत जाऊन फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० टक्क्यांवर पोहोचला. २०२५ मध्ये तो टप्प्याटप्प्याने उतरविण्यात आला. वीस वर्षांत असे चढ-उतार अनेकदा येणार हे गृहीत धरूनच कर्ज घ्यावे.

येथे प्रस्तुत लेखकाची स्वतःची चूक सांगणे उपयुक्त ठरेल. मी २०२१ मध्ये घरासाठी कर्ज घेतले. दर वाढल्याची बँकेची पत्रे येत होती, परंतु हप्ता तेवढाच कापला जात असल्याने ती न वाचताच फाइलला लावली. २०२३ मध्ये खातेउतारा काढला तेव्हा दोन वर्षे नियमित हप्ते भरूनही शिल्लक महिने कर्ज घेतले त्या दिवसापेक्षा जास्त झाल्याचे आढळले. विद्यार्थ्यांना पिकाचा ताळेबंद शिकविणाऱ्या माणसाने स्वतःचा ताळेबंद दोन वर्षे पाहिला नव्हता.

हे कसे घडते ते पुढील उदाहरणावरून लक्षात येईल. १० लाख रुपये ७ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतल्यास हप्ता ७,७५३ रुपये येतो. दोन वर्षांनी सुमारे ९ लाख ५१ हजार मुद्दल शिल्लक असते. हिशेब सोपा व्हावा म्हणून दर त्या वेळी एकदम ९.५० टक्के झाला असे धरू. आता एका महिन्याचे व्याजच ७,५२६ रुपये होते व मुद्दलात जेमतेम २२७ रुपये जमा होतात. हप्ता तोच ठेवल्यास उरलेल्या १८ वर्षांची ३७ वर्षांहून अधिक होतात! कर्जदाराच्या वयाच्या मर्यादेमुळे बँक एवढी मुदत सहसा देत नाही, मग हप्ता वाढवावाच लागतो. १८ वर्षांतच कर्ज फेडावयाचे तर हप्ता ९,२०२ रुपये, म्हणजे दरमहा १,४४९ रुपयांनी जास्त भरावा लागेल.

ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार, दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही थोडे थोडे करावे, याची निवड कर्जदारास देणे रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केले आहे. झेपेल तर हप्ता वाढविण्याचा पर्याय घ्यावा. तसेच दर उतरेल तेव्हा हप्ता कमी करून न घेता तोच चालू ठेवावा, म्हणजे वाढलेली वर्षे आपोआप कमी होतात.

५. हप्त्यात न दिसणारा खर्च

• विम्याचा हप्ता : कर्जदाराच्या विम्याची रक्कम पुष्कळदा कर्जातच मिळविली जाते. ३०,००० रुपयांचा विमा कर्जात धरला तर २० वर्षांत ९ टक्के दराने त्याचे सुमारे ६४,८०० रुपये होतात. विमा असणे चांगलेच, परंतु शक्य असल्यास त्याचे पैसे रोख भरावेत.

• बांधकाम काळातील व्याज : कर्ज टप्प्याटप्प्याने मिळते व मिळालेल्या रकमेवर व्याज लगेच सुरू होते. ५ लाख रुपये उचलून काम एक वर्ष रखडले तर ४५,००० रुपये व्याज जाते व मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. म्हणून वाळू, विटा, पाणी व गवंडी यांची सोय झाल्यावरच पहिला टप्पा उचलावा.

• इतर शुल्के : प्रक्रिया शुल्क, वकिलाची तपासणी, मूल्यांकन, गहाणखतावरील मुद्रांक शुल्क या सर्वांची बेरीज आधीच लेखी मागावी.

• सरसकट व्याज : काही ठिकाणी घरदुरुस्तीचे कर्ज मूळ रकमेवर संपूर्ण मुदतीचे व्याज लावून दिले जाते. २ लाख रुपये, ५ वर्षे, ९ टक्के सरसकट या हिशेबाने ९०,००० रुपये व्याज व ४,८३३ रुपये हप्ता येतो. शिल्लक मुद्दलावरील पद्धतीने पाहिल्यास हा दर ९ नसून सुमारे पावणेसोळा टक्के पडतो. "व्याज शिल्लक रकमेवर की मूळ रकमेवर?" हा प्रश्न अवश्य विचारावा.

• आयकरातील सवलत : घरकर्जामुळे कर वाचतो असे सांगितले जाते. शेतीच्या उत्पन्नावर आयकर नसल्याने ज्यांचे उत्पन्न केवळ शेतीचे आहे त्यांचा यात कोणताही फायदा नाही. नोकरदार पाहुण्यांचा हिशेब आपल्याला जसाच्या तसा लागू करू नये.

६. हप्ता महिन्याचा, उत्पन्न हंगामाचे

बँकेचा हप्ता दर महिन्याला येतो. उसाचे बिल, कापसाचे किंवा सोयाबीनचे पैसे मात्र वर्षातून एकदा-दोनदाच येतात. शेतकऱ्याच्या घरकर्जातील खरा धोका येथे आहे. हप्ता ९० दिवसांपेक्षा अधिक काळ थकल्यास खाते अनुत्पादक ठरते. त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याखाली बँक ६० दिवसांची नोटीस देऊन तारण मालमत्तेचा ताबा घेण्याची कारवाई करू शकते. शेतजमिनीच्या तारणास हा कायदा लागू नाही. गावठाणातील किंवा बिनशेती भूखंडावरील घरास मात्र हे संरक्षण नाही. यासाठी पुढीलप्रमाणे काळजी घ्यावी.

अ) मुख्य पिकाचे पैसे हाती येताच पुढील सहा महिन्यांच्या हप्त्यांची रक्कम हप्ता कापल्या जाणाऱ्या खात्यात बाजूला ठेवावी. दुधाचे किंवा भाजीपाल्याचे नियमित पैसे येत असल्यास तेही याच खात्यात जमा करावेत.

ब) काही बँका शेतकऱ्यांना तिमाही किंवा सहामाही हप्त्याची सोय देतात. तशी विचारणा करावी; मात्र मुद्दल उशिरा जमा होत असल्याने व्याज थोडे वाढते हे ध्यानात ठेवावे.

क) हप्ता चांगल्या वर्षाच्या उत्पन्नावर ठरवू नये. गेल्या पाच वर्षांपैकी सर्वांत वाईट वर्षी घरखर्च व पिकाचा खर्च भागून जे उरले, त्यातून जो हप्ता निघेल तोच आपला हप्ता होय.

ड) कर्जे फेडण्याचा क्रम चुकवू नये. खासगी सावकाराचे शेकडा ३ रुपये महिना म्हणजे वर्षाला ३६ टक्के होतात. ते देणे सर्वांत आधी संपवावे. व्याज सवलत योजनेत ३ लाखांपर्यंतचे पीक कर्ज मुदतीत फेडल्यास ४ टक्के दराने पडते, म्हणून ते कधीही थकवू नये. बियाणे-खतांचे पैसे घरकर्जात जादा भरून नंतर कृषी सेवा केंद्रात उधारी करणे हा तोट्याचा व्यवहार आहे. घरखर्च व पुढील हंगामाची तरतूद करून जे उरेल तेच मुद्दलात भरावे.

७. सही करण्यापूर्वी

१ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या कर्जांसाठी बँका व गृहवित्त कंपन्यांनी कर्जदाराला समजेल अशा भाषेत मुख्य माहितीचे पत्रक देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्के धरून येणारा वार्षिक दर व परतफेडीचे कोष्टक असते. पतसंस्थेकडून कर्ज घेणाऱ्यांनी असे कोष्टक आग्रहाने मागून घ्यावे. पत्रक हाती आल्यावर पुढील गोष्टी पाहाव्यात :

१) शेवटच्या हप्त्यापर्यंत एकूण किती रुपये भरावयाचे?
२) शेवटचा हप्ता भरेन तेव्हा माझे वय किती असेल? त्या वयात शेत कोण कसणार?
३) दर २ टक्क्यांनी वाढल्यास हप्ता किती होईल?
४) ५ व १० वर्षांनी शिल्लक मुद्दल किती असेल?
५) जादा रक्कम वर्षातून किती वेळा व कमीत कमी किती भरता येते?

कर्ज सुरू झाल्यावर दर गुढीपाडव्याला खातेउतारा काढून शिल्लक मुद्दल व शिल्लक महिने हे दोन आकडे वहीत लिहून ठेवावेत. महिने वाढलेले दिसल्यास त्याच आठवड्यात बँकेत जावे. कर्ज पूर्ण फिटल्यानंतर मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळणे हा कर्जदाराचा हक्क आहे. बँकेमुळे उशीर झाल्यास दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई देण्याचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

मेळाव्यातील त्या शेतकरी बांधवाबरोबर आम्ही त्याच कागदाच्या पाठीमागे आणखी एक हिशेब केला. वरची खोली आणि कुंपणाची भिंत तूर्त बाजूला ठेवली तर कर्ज ८ लाखांवर येत होते. ८ लाखांचा १५ वर्षांचा हप्ता ८,११४ रुपये आला. १० लाखांचा ३० वर्षांचा हप्ता होता ८,०४६ रुपये. फरक महिन्याला ६८ रुपयांचा; परंतु पहिल्यात व्याज ६ लाख ६१ हजार, तर दुसऱ्यात १८ लाख ९७ हजार. त्यांनी कागद मुलाच्या हाती दिला आणि म्हणाले, "तीस वर्षांचं घेतलं असतं तर निम्मं तुलाच फेडावं लागलं असतं." मुलगा बारावीत होता.

घर अवश्य बांधावे. पाऊस गळणाऱ्या घरात राहून पैसा साठविण्यात शहाणपण नाही. परंतु पेरणीपूर्वी आपण जसे माती परीक्षण करून घेतो, तसे सही करण्यापूर्वी कर्जाचे परीक्षण करावे. कर्ज गरजेइतकेच घ्यावे, मुदत झेपेल तितकी आखूड ठेवावी आणि सुगीच्या पैशाचा एक वाटा पहिल्या वर्षापासून मुद्दलात टाकावा. असे केल्यास बांधलेले घर आपल्याच हयातीत पूर्णपणे आपल्या मालकीचे होईल.